लांबीचे दोन हात

घर विकायला काढलं की माणूस पहिल्यांदा आपल्या घराकडे पाहतो. जवळजवळ पन्नास वर्षं ज्या घरात राहिलो, त्याच्या मधल्या खोलीच्या छताला काय झालं आहे हे मला गिऱ्हाईक येणार म्हटल्यावर कळलं. तोवर छत म्हणजे पंखा टांगायची सोय, एवढीच माझी समजूत होती. भिंतीकडे आपण पाहतो, कारण तिच्यावर कॅलेंडर असतं. जमिनीकडे पाहतो, कारण चष्म्याचं घर तिथं पडलेलं असतं. वर पाहायचे प्रसंग दोनच. एक, देवाचं नाव घेताना, आणि दुसरा, वीज जाऊन पंखा थांबल्यावर. दोन्ही वेळी माणसाचं लक्ष छतावर नसतं.

हे घर वडिलांनी १९७४ साली सावेडीला बांधलं. त्या काळी दिल्ली दरवाजाच्या बाहेर पडलं की नगर संपलं असं जुनी माणसं मानायची. सावेडीला प्लॉट घेतला म्हटल्यावर नातेवाइकांनी वडिलांकडे, एखादा संन्यास घ्यायला निघाल्यावर पाहतात तसं पाहिलं होतं. बहात्तरचा दुष्काळ नुकताच होऊन गेला होता. दुष्काळ पाहिलेल्या माणसानं घर बांधलं की त्यात पाण्याची टाकी मोठी असते आणि पावसाच्या पाण्याचा विचार छोटा असतो. आमची जमिनीखालची टाकी एवढी मोठी होती की तीत एखादं बिऱ्हाड सुखानं राहिलं असतं. गच्चीला मात्र उतार म्हणून नव्हता. उतार कशाला? पडणार किती आणि वाहणार किती!

हिशेब अगदीच चुकीचा होता असंही नाही. नगर शहराला वर्षाकाठी साडेपाचशे-सहाशे मिलिमीटर पाऊस मिळतो. याच जिल्ह्यात पश्चिमेला, अकोले तालुक्यातल्या घाटघर-रतनवाडीला तो काही हजार मिलिमीटर कोसळतो. पण सह्याद्री उतरून आमच्यापर्यंत पोचेतो ढगांचा खिसा रिकामा झालेला असतो. आमच्याकडे पाऊस जावयासारखा येतो. उशिरा येतो, मानपान बघतो, आणि आल्या दिवसापासून परतीच्या गोष्टी करतो. पण त्या परतीच्या वाटेवर एखाद्या रात्री त्याला काय लहर येते कोण जाणे, सगळ्या वर्षाची बाकी एकदम चुकती करून जातो. त्या एका रात्रीचं पाणी आमच्या बिनउताराच्या गच्चीवर दोन दोन दिवस पाहुणचार घेत बसायचं आणि कंटाळा आला की खाली मधल्या खोलीत डोकवायचं.

त्या डोकावण्याच्या खुणा छताच्या पश्चिमेच्या कोपऱ्यात होत्या. आकार साधारण आफ्रिका खंडासारखा. कडेनं पिवळसर किनारा, मधे पोपडे, आणि पोपड्यांच्या खाली मिठासारखा पांढरा लोणा. दर पावसाळ्यानंतर त्या खंडात एखादा नवा देश स्वतंत्र झालेला दिसायचा. सौ.नं हे मला दर दिवाळीला दाखवलं होतं म्हणे. मी दर दिवाळीला 'बघू पुढच्या वर्षी' म्हणालो होतो, हेही तिला तारीखवार आठवतं. जिल्हाभर लोक पावसासाठी देव पाण्यात घालून बसायचे, तेव्हा मी मात्र मनातल्या मनात 'पड बाबा, पण आमच्या गच्चीला जरा वळसा घालून पड' असं म्हणत असे. जिल्ह्याच्या विरोधात एकट्यानं केलेली ही प्रार्थना. ती बहुतेक वर्षी फळायची, आणि मला त्याचा आनंद व्हायचा, हे आज लिहून टाकतो.

तर २०२३ च्या मार्चमध्ये मुलाकडे पुण्याला जायचं ठरलं, घर विकायला काढलं, आणि मी एका पेंटरला बोलावलं. साठीचा माणूस. आल्या आल्या चप्पल काढून तो खोलीच्या मधोमध उभा राहिला आणि वर पाहू लागला. भिंतींकडे बघायलाच तयार नाही.

"घर विकायचं हाय का, साहेब?" त्यानं विचारलं.

मी चपापलो. "कशावरून?"

"लगीन असलं की लोक भिंती रंगवून घेत्यात. विकायचं असलं की नुसतं सिलिंग."

मग त्यानं घडवंची ओढली, वर चढला आणि पत्र्याच्या पट्टीच्या मुठीनं आफ्रिका खंड ठोकायला लागला. ठक, ठक, ठक आणि मग एकदम बद्द. पुन्हा बद्द. टिचभर जागा होती, पण आवाज पोकळ होता. खाली उतरून त्यानं मला जे सांगितलं ते मी कॉलेजात शिकलो असतो तर बरं झालं असतं. गच्चीवर साचलेलं पाणी स्लॅबमधून झिरपतं. झिरपताना चुन्या-सिमेंटातले क्षार विरघळवून आणतं. खालच्या बाजूला पाणी वाळतं, क्षार मागे राहतात, ते फुलतात आणि रंगाला ढकलून देतात. तोच हा लोणा. पण पाणी आतल्या सळईपर्यंत पोचलं की गोष्ट निराळी. लोखंड गंजलं की फुगतं. फुगायला जागा हवी म्हणून ते खालचं काँक्रीट फोडतं. बद्द आवाज येतो तो तिथला. "आज बोलतंय. उद्या पडंल," पेंटर म्हणाला. "उद्या म्हणजे दोन वर्षांनी, पाच वर्षांनी. पण पडंल."

"मग उपाय?"

"वर कोबा. उतार काढून. खालचं सुटलेलं सगळं फोडायचं, सळई घासायची, गंजाचं औषध लावायचं, पुन्हा भरायचं. मग माझं काम."

खर्च किती, असं विचारल्यावर त्यानं जो आकडा सांगितला, तो वडिलांनी सगळं घर बांधायला घातलेल्या आकड्यापेक्षा मोठा होता. मी आवाज हळू करून विचारलं, "आणि नुसती लांबी भरून, रंग दिला तर?"

पेंटर माझ्याकडे काही क्षण बघत राहिला. डॉक्टरला 'पथ्य न पाळता चालेल का' असं विचारल्यावर तो बघतो तसा. मग म्हणाला, "गुळगुळीत करून देतो. आरसा. पण पावसाळ्यानंतर मला बोलावू नका. नाव माझं जातं."

मला त्याच्या या वाक्याची तेव्हा गंमत वाटली. घर माझं, लबाडी माझी, आणि नाव याचं कसं जातं? आता कळतं की त्या सगळ्या व्यवहारात नाव जायची भीती असलेला तो एकटाच माणूस होता.

छत गुळगुळीत करणं हे काय काम असतं याची कल्पना, ज्यानं ते खालून पाहिलं आहे त्यालाच येईल. भिंत रंगवणारा माणूस रंगवतो. छत रंगवणारा शिक्षा भोगतो. मान मागे, हात वर, आणि जे जे हातून सुटेल ते ते डोळ्यांत. मायकेलअँजेलोनं १५०८ ते १५१२ अशी चार वर्षं रोममधलं सिस्टाईन चॅपेलचं छत रंगवलं. तो पाठीवर झोपून रंगवायचा अशी समजूत आहे. प्रत्यक्षात तो परांचीवर उभा राहून, मान मोडून रंगवायचा, आणि दाढीवर रंग ठिबकतो म्हणून त्यानं कवितेतून तक्रारही करून ठेवली आहे. त्यातली मला धीर देणारी गोष्ट म्हणजे, काम सुरू झाल्यावर थोड्याच दिवसांत त्याच्या चित्रांवरही बुरशी आली होती. ओल कोणाची भीड धरत नाही. फरक एवढाच की त्यानं तो भाग काढला आणि गिलाव्याचं मिश्रण बदलून पुन्हा केला. पोपसारखा धनी असताना मधल्या मधे लांबी भरून मोकळं व्हायचं त्याला सुचलं नाही.

आमच्या पेंटरनं आधी जुना डिस्टेंपर पार गिलाव्यापर्यंत खरवडला. भुकटी सुटणाऱ्या जुन्या रंगावर लांबी धरत नाही, सहा महिन्यांत पापडासारखी सुटते. लांबी म्हणजे ती पिशवीतून येणारी पांढरी पुट्टी. पाण्यात कालवली की थेट श्रीखंड. आमच्या नातवानं बोट घालून चाखूनही पाहिलं. छत ओलं करून पेंटरनं पट्टीनं पहिला हात ओढला, आडवा. तो वाळल्यावर दुसरा हात, उभा. मग पॉलिश पेपर, आधी १८० नंबरचा, मग ३२० चा. मग प्रायमर. मग रंगाचे दोन हात, आणि शेवटचा रोलर खिडकीतून उजेड येतो त्या दिशेनं, म्हणजे रोलरच्या रेघा उजेडात लपतात. चकाकणारा रंग छताला कधी द्यायचा नाही, हेही त्यानं सांगितलं. चकाकी प्रत्येक उंचवट्याची चहाडी करते. मेलेला, बिनचमकेचा रंग सगळं पोटात घालतो.

प्रत्येक हातानंतर तो खिडक्या बंद करायचा, मोबाईलचा टॉर्च लावून छताला अगदी गाल लावल्यासारखा आडवा धरायचा आणि पाहायचा. समोरून उजेड टाकला तर वाईटात वाईट छतही गुळगुळीत दिसतं. आडव्या उजेडात मोहरीएवढा खडाही डोंगराएवढी सावली टाकतो. माणसांनाही असा आडवा टॉर्च मारता आला असता तर लग्नं जमणं बंद झालं असतं.

नवव्या दिवशी छत तयार झालं. ते इतकं सुंदर झालं होतं की मी सतरंजी टाकून खाली आडवा झालो आणि अर्धा तास पाहत राहिलो. आफ्रिका खंड नाहीसा झाला होता. भूगोलच उरला नव्हता. मनात म्हटलं, वडिलांच्या वेळीही हे छत एवढं सरळ नव्हतं. पेंटरनं पैसे मोजून घेतले, चपला घातल्या आणि जाता जाता आठवण केल्यासारखं म्हणाला, "खाट तेवढी त्या कोपऱ्यात टाकू नका म्हणावं."

"कोणाला म्हणावं?"

"जो घेईल त्याला."

त्या वाक्यानं माझी झोप गेली. शेवटी मी नगरच्या कोर्टात उभा जन्म काढलेल्या एका वकील मित्राकडे गेलो. मला कायद्याचा सल्ला नको होता. 'अरे, असं सगळेच करतात' एवढं फुकटात ऐकायचं होतं. त्यानं चहा मागवला आणि १८८२ चा मालमत्ता हस्तांतरणाचा कायदा काढला. त्यातलं कलम ५५. विकणाऱ्याला मालमत्तेतला मोठा दोष ठाऊक आहे, घेणाऱ्याला ठाऊक नाही, आणि घेणाऱ्यानं साधारण काळजी घेऊन पाहिलं तरी तो दिसण्यासारखा नाही, असं असेल तर तो दोष विकणाऱ्यानं स्वतः होऊन सांगितलाच पाहिजे. न सांगणं ही फसवणूक.

"पण डोळ्यांना दिसण्यासारखा असेल तर?" मी विचारलं.

"तर सांगायची सक्ती नाही. त्यानं बघून घ्यावं. देवानं डोळे दिलेत."

मी चहा तसाच ठेवून हिशेब केला. म्हणजे पंधरा दिवसांपूर्वी, पोपडे लोंबत होते, लोणा गळत होता, येणाराजाणारा वर बघून 'अरेरे' म्हणू शकत होता, तेव्हा मी कायद्यानं मोकळा होतो. एक अक्षर बोलायची गरज नव्हती. आफ्रिका खंड माझ्या वतीनं बोलत होता. मी पदरचे पैसे घालून त्याचं तोंड बंद केलं, आणि त्या क्षणापासून बोलायची जबाबदारी माझ्यावर येऊन पडली. लांबीचे दोन हात देऊन मी छत गुळगुळीत केलं नव्हतं; एक साक्षीदार फोडला होता.

या गोष्टीचा मी पुढे बराच विचार केला. आता तुम्ही म्हणाल, रंग देणं म्हणजे खोटं बोलणं असेल, तर सगळं जगच खोटं. खरं आहे. मी स्वतः गेली वीस वर्षं केसांना कलप लावतो. त्यानं कोणी फसत नाही. फसला तर लावणारा फसतो. दिवाळीला आपण घर रंगवतो, लक्ष्मीला फसवायला नव्हे. अरणगावच्या मेहेराबादला मेहेरबाबांच्या समाधीच्या घुमटाला आतून रंगवलेलं आहे. हेलन डाम नावाची एक स्विस चित्रकार बाई १९३८ साली, वयाच्या साठाव्या वर्षी, युरोपातून थेट नगरच्या माळरानावर आली आणि तिनं त्या छोट्या घुमटाच्या आतून आणि भिंतींवर चित्रं काढली. साठाव्या वर्षी मान वर करून रंगवणं म्हणजे काय, हे मला आता पेंटरमुळे कळलं होतं. तीही दगडचुन्यावर रंगाचा थरच देत होती. पण त्या थराखाली काय दडलंय असा प्रश्न तिथे कोणाच्या मनात येत नाही, कारण तिनं काही दडवायला तो थर दिलाच नव्हता. पंचवीस वर्षांपूर्वी मी तिथं गेलो होतो तेव्हा पादुकांकडे पाहून परत आलो. छताकडे पाहण्याची माझी सवय तुम्हाला ठाऊकच आहे.

म्हणजे भानगड रंगात नाही, असं म्हणावं लागतं. तोच डबा, तोच रोलर. उद्या मी कोबा करून, सळई घासून, मग अगदी हाच रंग अगदी असाच दिला असता, तर आडव्या टॉर्चनंसुद्धा दोन छतांतला फरक दिसला नसता. मग खोटं नेमकं कुठं बसलं होतं? लांबीत नाही, रंगात नाही, पेंटरच्या हातात तर नाहीच. मी लांबीचे पैसे देताना माझ्या डोळ्यांपुढे जे अनोळखी गिऱ्हाईक उभं होतं, आणि त्याच्या वर न पाहण्यावर मी जो भरवसा टाकला होता, तिथं ते बसलं होतं. एवढा भरवसा मी देवावर टाकला असता तर एव्हाना अरणगावला माझीही तसबीर लागली असती.

सौ.ला मी हे सगळं सांगितलं. तिनं पोळ्या लाटता लाटता निकाल दिला. "त्यानं विचारलं तर सांगा. नाही विचारलं तर आपण होऊन कशाला?" ऐकायला हे अगदी धर्माचं वाटतं. धर्मराजानंही द्रोणाचार्यांना विचारल्या प्रश्नाचंच उत्तर दिलं होतं, आणि हत्तीचा उल्लेख फक्त जरा खालच्या पट्टीत केला होता. तोवर त्याचा रथ जमिनीपासून चार बोटं वर चालायचा, तो खाली टेकला. मी उभ्या आयुष्यात सायकल आणि पुढे एक जुनी स्कूटर चालवली. दोन्ही जमिनीलाच टेकलेल्या होत्या. गमावण्यासारखी चार बोटं माझ्याकडे नव्हतीच, असं मी मनाला समजावलं. पण 'विचारलं तर सांगू' यात एक मेख आहे. जो प्रश्न सुचू नये म्हणून आपण नऊ दिवस पॉलिश पेपर घासला, तो समोरच्यानं विचारला नाही म्हणून आपण निर्दोष, हे म्हणणं फारच सोयीचं आहे. पोळी मात्र मी मुकाट्यानं खाल्ली.

आमच्या गावात छताकडे पाहण्याची परंपरा नाही असं नाही. १९४२ च्या ऑगस्टमध्ये नेहरू, सरदार, मौलाना आझाद यांना नगरच्या किल्ल्यात आणून ठेवलं. नेहरूंनी तिथं भारताचा शोध लावला हे आम्हा नगरकरांना पाठ आहे. मौलानांनी मात्र आपल्या खोलीच्या छताचाही शोध लावला. छतात चिमण्यांनी घरटी केली होती आणि वरून सारखा कचरा पडायचा. मौलानांनी आधी चिमण्यांशी युद्ध पुकारलं, ते हरले, आणि मग त्यांनी तह करून दाणे टाकायला सुरुवात केली. 'गुबार-ए-खातिर' या १९४६ साली निघालेल्या पुस्तकात ही सगळी हकिकत आहे. कैदेतल्या माणसाला, आजारी माणसाला, झोप न येणाऱ्या माणसाला छताशिवाय दुसरं काय असतं पाहायला? आपण उभी माणसं छताला विसरतो. आडवी माणसं विसरू शकत नाहीत. हे मला आता सुचतं आहे. त्या मार्चमध्ये सुचलं असतं तर पुढची फजिती टळली असती.

गिऱ्हाईक आलं ते एका रविवारी. पारनेर तालुक्यातल्या एका गावचे शाळामास्तर, त्यांची बायको आणि त्यांची सत्तरी ओलांडलेली आई. मास्तर फार व्यवस्थित माणूस. त्यांनी पाण्याची टाकी काठी घालून मोजली, महापालिकेचं पाणी किती दिवसांनी आणि किती वाजता येतं ते वहीत लिहून घेतलं, दारं उघडून मिटून पाहिली, मीटरवरचा आकडा टिपला, कंपाउंडच्या भिंतीला धक्का देऊन पाहिला. मधल्या खोलीत ते सहा वेळा आले असतील. एकदाही त्यांनी मान वर केली नाही. दर वेळी ते आले की माझ्या छातीत धडधडायचं आणि गेले की हायसं वाटायचं. आणि दर हायसं वाटण्यागणिक मला स्वतःची आणखी थोडी शिसारी येत होती. सौ. चहा घेऊन आली तेव्हा मास्तर म्हणाले, "घर पसंत आहे, काका. आता भावाचं बोलू."

इतक्यात त्यांची आई म्हणाली, "मी जरा आडवी होते बाई. कंबर लई भरलीय." आणि कोणी काही म्हणायच्या आत पश्चिमेच्या कोपऱ्यातल्या खाटेवर त्या आडव्या झाल्या. खाट मी तिथून हलवली नव्हती. हलवली असती तर भिंतीवर तिच्या मागची जागा वेगळ्या रंगाची दिसली असती.

आम्ही भावाचं बोलत होतो. मास्तरांनी एक आकडा सांगितला, मी दुसरा. आकडे एकमेकांच्या बरेच जवळ आले, आणि कोपऱ्यातून आवाज आला, "भाऊ, हितं वरती येवढं गुळगुळीत का हो केलंय?"

मी म्हणालो, "रंग काढला, ताई. नवीन."

"रंग तर दिसतोय. पण भिंतींना तसाच ठिवलाय की जुना. सैपाकघरात बी जुनाच हाय. ह्येवढंच का?"

पेंटरनं आडवा टॉर्च मारून एकेक खडा शोधला होता. पण सगळं घर खडबडीत असताना एकच छत गुळगुळीत, हा खडा त्या टॉर्चमध्ये दिसण्यातला नव्हता. लबाडी निवडक असते, आणि तिथंच ती सापडते. सबंध घर रंगवायचे पैसे वाचवले नसते तर मी बहुधा सुटलो असतो.

"आमचं माळवदाचं घर," म्हातारी सांगत होती, मला की मास्तरांना की छताला, कोण जाणे. "पन्नास वर्सं त्येच्याखाली काढली. गळायचं. गळायच्या आधी माती झरायची, बारीक. आपल्याला कळायचं, आता हितं भांडं ठिवायचं. आता मला दिसातनं निम्मा वेळ आडवंच ऱ्हायाचं हाय. मला काय भिंती बघायच्यात? म्हणून इचारते. खाली काय हाय ह्येच्या?"

मास्तरांनी मान वर केली. त्यांच्या बायकोनं केली. सौ.नं माझ्याकडे पाहिलं. 'विचारलं तर सांगा' ही तिची अट आता पुरी झाली होती.

मी सांगितलं. सगळं सांगितलं. बिनउताराची गच्ची, लोणा, बद्द आवाज, फुगणारी सळई, कोबा, पेंटरचा आकडा, आणि पेंटरनं सांगितलेलं खाटेचंही. पाचेक मिनिटं लागली असतील. कलम ५५ सांगितलं नाही. त्यानं मी जास्त धार्मिक किंवा जास्त घाबरट ठरलो असतो, आणि दोन्ही खरं नव्हतं. म्हातारी सांगता सांगताच उठून बसली होती. ती हळूच खाटेवरून उतरली आणि खाट तिनं स्वतः दोन हात अलीकडे ओढली.

मास्तर गप्प बसले. मग त्यांनी वहीत एक वजाबाकी केली आणि वही माझ्यापुढे धरली. कोब्याचा आणि छताचा सगळा खर्च वजा. मी सही केल्यासारखी मान हलवली. लांबीचे पैसे मात्र मला कोणी दिले नाहीत, आणि मी मागितलेही नाहीत.

तिनं विचारलं नसतं तर मी सांगितलं असतं का? मी खूपदा मनाला विचारून पाहिलं आहे. 'व्यवहार ठरल्यावर, सही करण्याआधी सांगणारच होतो' असं उत्तर मन देतं. ते उत्तर फार गुळगुळीत असतं. त्याच्यावर मूठ आपटली की जो आवाज येतो तो मी पेंटरच्या घडवंचीखाली उभा राहून एकदा ऐकलेला आहे.

खरेदीखत एप्रिलमध्ये झालं, आम्ही पुण्याला आलो. मास्तरांनी मे महिन्यात कोबा करून घेतला आणि छतही फोडून पुन्हा केलं, असं त्यांच्या फोनवरून कळलं. त्याच पेंटरला बोलावलं होतं म्हणे. तरी पावसाळा लागला आणि माझी जुनी सवय सुटेना. पुण्यात ढग आले की मी पूर्वेकडे, नगरच्या दिशेला पाहायचो. फरक एवढाच झाला होता की आयुष्यात पहिल्यांदाच मला नगरला चांगला धो धो पाऊस पडावा असं वाटत होतं, कोबा धरतो की नाही ते कळायला. आणि २०२३ चा ऑगस्ट तुम्हाला आठवत असेल. १९०१ पासूनच्या नोंदींत देशभर एवढा कोरडा ऑगस्ट झाला नव्हता.

महिनाअखेरीला राहवेना, म्हणून मी मास्तरांना फोन केला. ते शाळेत गेले होते. फोन घरीच राहिला होता, तो म्हातारीनं घेतला. ख्यालीखुशाली झाल्यावर मी हळूच विचारलं, "ताई, छत कसं आहे? कोपऱ्यात काही ओल वगैरे?"

"मी बघती की रोज, भाऊ," ती म्हणाली. "मला दुसरं काय काम हाय? पर ओल यायला पाऊस नगं का? हितं टँकर चालू झाल्यात."

"मग गच्चीवर दोन दिवस पाणी साठवून बघायला सांगा मास्तरांना. पेंटर तसंच म्हणत होता."

पलीकडे थोडा वेळ शांतता होती.

"टँकरचं पाणी?" म्हातारी म्हणाली. "गच्चीवर ओतू?"